दोन बोटं सैल

सकाळपासून आभाळ मेणचटलेलं होतं. पाऊस म्हणावा तर पाऊस नाही, ऊन म्हणावं तर त्याचा पत्ता नाही. नुसती ओलसर, अंगाला चिकटणारी हवा. अशा हवेत दोरीवर टाकलेली चादर दुपार उलटली तरी जशीच्या तशी जड लोंबत राहते, आणि शिवणकाकूच्या घरात चादरी तर रोजच्याच.

शिवणकाकू उजाडायच्या आधीच उठलेली. आधी कंडक्टरला एका कुशीवर घ्यायचं, खालची चादर अर्धी गुंडाळायची, अर्धी नवी सरकवायची. मग त्याला दुसऱ्या कुशीवर लोटून उरलेली ओढून काढायची. एकटीच्या हाताने करायचं म्हणजे नाकी नऊ येतात, पण तिला आता त्यातली मेख कळली होती. "अहो, धरा बरं कठडा," ती म्हणायची, आणि कंडक्टर डाव्या हाताने पलंगाचा कठडा धरायचा. उजवा हात, उजवा पाय आणि जीभ ही तिन्ही एकाच सकाळी, दाढी करता करता गेलेली.

कंडक्टर म्हणजे तिचा नवरा. सगळी नोकरी बसमध्ये उभ्याने काढलेला माणूस. आवाज असा, की पुढच्या दारातल्या हाकेने मागच्या सीटवरचा झोपलेला दचकून उठावा. त्या एवढ्या आवाजातला एकच शब्द आता मागे राहिला होता: चला. पाणी हवं असलं की चला, पाठ दुखली की चला, माशी बसली की चला. डॉक्टर म्हणाले होते, असं होतं काहींचं. सगळा साठा वाहून जातो नि रोजच्या वापरातला एखादा शब्द तेवढा कुठेतरी अडकून राहतो. कुठल्या चलाला काय द्यायचं ते शिवणकाकूला सुरावरून कळे. बाकीच्यांना कळत नसे.

घर म्हणजे दोन खोल्या. पुढच्या खोलीत खिडकीपाशी तिचं शिलाई मशीन, भिंतीला टेकून लांब आरसा, आणि एक दिवाण, ज्यावर मुलगा नि सून झोपत. गिऱ्हाइकं याच खोलीत येत, पडद्याआड कपडे घालून बघत. मागची खोली कंडक्टरची. पलंग, झाकणाची संडास-खुर्ची, आणि मोरीचं दार उघडण्यापुरती वाट. पलंगावरून मान डावीकडे वळली की समोर भिंतीतलं फडताळ. त्याची दारं केव्हाच काढून टाकलेली, आणि आत ठेवलेला जुना टीव्ही. पाठीला कुबड असलेला, डब्यासारखा. कुबड फडताळाने पोटात घेतलं होतं.

तो टीव्ही आदल्या संध्याकाळी गेला. चित्र आधी वरखाली दबलं, मग नुसती पांढरी रेघ उरली, मग तीही गेली. आवाज मात्र बराच वेळ चालू होता. बातम्या सांगणारी बाई काळोखातून बोलत राहिली आणि खोलीतली सगळी माणसं त्या काळोखाकडे बघत राहिली.

सगळी माणसं म्हणजे रोजचीच. मुलगा पार्सलांच्या गोदामातून यायचा तो हातपाय धुऊन थेट पलंगाच्या पायथ्याशी बसायचा. सून औषधाच्या दुकानात दिवसभर उभी. ती उंबऱ्यावर पाय पसरून बसायची. वरच्या मजल्यावरचे एकटे मास्तर जिना उतरून यायचे आणि संडास-खुर्चीचं झाकण लावून तिच्यावर बसायचे. "सिंहासन आहे हे," म्हणायचे. "फक्त राजाला घाई झाली की मला उठावं लागतं." असं सगळं स्थिरस्थावर झालं की कंडक्टर सगळ्यांकडे एकवार बघायचा नि म्हणायचा, "चला." त्यावर मास्तर ठरल्यासारखे उत्तर द्यायचे, "थांबा कंडक्टर, माणसं चढायचीत अजून." रोजचाच विनोद, रोजच सगळे हसायचे. कंडक्टरच्या तोंडाची डावी बाजू तेवढी वर जायची.

शिवणकाकू काही खुळी नव्हती. यातलं कुणी कंडक्टरला भेटायला येत नाही, टीव्हीला भेटायला येतात, हे तिला स्वच्छ कळत होतं. पण येत तर होते. टीव्ही या खोलीत होता म्हणून दिवसातून एकदा या खोलीत घर भरत होतं.

म्हणून त्या सकाळी चादर दोरीवर टाकून ती आत आली, आणि चहा ओतून घेता घेता मुलाने विषय काढला, तेव्हा तिने हातातली बादली खाली ठेवली.

"आई, आता काय तो एकदाच चांगला घेऊ," मुलगा म्हणाला. "पुढच्या खोलीत, दिवाणासमोर. भिंतभर."

"भिंतभर कशाला? मग दारात बसून तिकिटं फाड," शिवणकाकू म्हणाली. "बापाचा धंदा आहेच."

सून हसली, पण हसू लगेच आवरलं. "आई, राग नका मानू. मी दिवसभर औषधांच्या वासात उभी असते. घरी येऊन परत त्याच वासात ताट घेऊन बसायचं म्हणजे घास उतरत नाही हो घशाखाली."

"वास मलाही येतो."

"म्हणूनच म्हणते ना."

सून खोटं बोलत नव्हती. तीच तर कंडक्टरच्या पाठीच्या जखमेला मलम लावायची, कधी नाक मुरडलं नव्हतं. नाक मुरडलं असतं तर भांडता तरी आलं असतं.

"बाबांना त्यातलं कळतं तरी काय?" मुलगा म्हणाला. "रंगीत काहीतरी हलतंय एवढंच."

"परवा मॅच हरली तेव्हा भिंतीकडे तोंड करून पडलं होतं ते कोण? तू तर हसत होतास," शिवणकाकू म्हणाली. "टीव्ही आतच राहील. फडताळात. त्यांनी काय माळ्यावरच्या सामानासारखं पडून राहायचं का?"

मुलाने कप खाली ठेवला. तो बापावर गेला नव्हता. आवाज चढवायचा नाही, पण एकदा बोलला की त्यावर शिक्का बसायचा. "ठीक आहे. फडताळात मावेल असा मिळाला तर आत. नाही मावला तर बाहेर. पण मग नंतर कटकट नको."

"नाही करत," शिवणकाकू म्हणाली.

फडताळाशिवाय त्या खोलीत दुसरी जागाच नव्हती. एका भिंतीला खिडकी, एक भिंत म्हणजे प्लायवूडचं पार्टिशन, आणि बाहेरच्या अंगाच्या भिंतीला अशी ओल, की खिळा ठोकला तर खिळ्यासकट पोपडा हातात यावा. तेव्हा सगळा खेळ त्या फडताळाच्या रुंदीवर होता.

शिवणकाकूची माप घ्यायची एक पद्धत होती. ज्या म्हाताऱ्या शिंप्याकडे ती मुलगी असताना काजं करायला बसायची, त्याने ती हाताला लावलेली. तो म्हणायचा, अंगाचं माप लिहायचंच नाही पोरी, कापडाचं लिहायचं. छातीभोवती टेप धरायची, आकडा बघायचा, आणि लिहिण्याआधी मनातल्या मनात इकडे दोन बोटं, तिकडे दोन बोटं सैल धरायचं, मग खडू टेकवायचा. नाहीतर कापताना विसर पडतो आणि गिऱ्हाईक श्वास घेतं तेव्हा बटण उडतं. हे तिच्या इतकं अंगवळणी पडलं होतं, की माणसाचा उघडा आकडा शेवटचा कधी पाहिला ते तिला सांगता आलं नसतं. तिने शिवलेला शर्ट काखेत कधी काचला नाही, अशी गल्लीत तिची ख्याती होती.

त्या दुपारी ती स्टुलावर चढली. मेलेला टीव्ही मुलाने सकाळीच बाहेर काढून ठेवला होता. रिकाम्या फडताळात धुळीचा चौकोन उमटला होता. तिने गळ्यातली टेप काढली, या कडेपासून त्या कडेपर्यंत ताणली, वाकून आकडा पाहिला, ओठांतल्या ओठांत पुटपुटली आणि अस्तराच्या राखाडी चिंधीवर खडूने लिहिलं. पलंगावरून कंडक्टर बघत होता.

"नवीन आणतेय," ती म्हणाली. "मोठा. पण इथेच बसणारा."

"चला," कंडक्टर म्हणाला. या चलात पाणी नव्हतं, पाठ नव्हती. ती खाली उतरली.

दुकानात एक अख्खी भिंत टीव्हीची होती. सगळ्यांवर एकच चित्र, एक लाल पोपट पंख झटकत होता. इकडे बघा तर पोपट, तिकडे बघा तर पोपट. सून आत शिरली ती थेट सगळ्यात मोठ्या पोपटासमोर जाऊन उभी राहिली. शिवणकाकू चिंधी मुठीत धरून दारापाशीच उभी.

टाय लावलेला एक विक्रेता आला. त्याने काहीबाही सांगायला सुरुवात केली, इतके ठिपके, तितके रंग, इंटरनेट, रिमोटला बोललं की ऐकतो. शिवणकाकूने त्याला बोलू दिलं. मग म्हणाली, "बोललेलं ऐकतो ते नको. आमच्या घरात एकच शब्द बोलणारा माणूस आहे, तुमचा टीव्ही येडा होईल."

विक्रेता हसला. "मग साइज सांगा काकू."

तिने चिंधी दाखवली. विक्रेत्याने ती उलटसुलट करून पाहिली. "ही रुंदी झाली. टीव्हीचं माप कोपऱ्यातून कोपऱ्यात घेतात."

"तिरपं?"

"तिरपं."

"माणसाची छाती काय खांद्यापासून कमरेपर्यंत तिरपी मोजतात? कुणी काढली ही पद्धत?" असं म्हणत तिने गळ्यातली टेप काढली आणि स्वतःच मोजायला लागली. दुकानातली दोन-चार गिऱ्हाइकं वळून बघायला लागली. सून लाजून पोपटाकडे तोंड करून उभी राहिली.

मोजता मोजता ती दोन टीव्हींपाशी येऊन थांबली. एक चिंधीपेक्षा चांगलाच आखूड. दुसरा चिंधीपेक्षा उगाच केसभर कमी. ती मागे सरून दोन्हींकडे डोळे बारीक करून पाहायला लागली. मग उजवा डोळा हाताने झाकून पुन्हा पाहिलं.

"हा मोठा," ती म्हणाली.

"मी तर म्हणेन एक नंबर लहान घ्या," विक्रेता म्हणाला. "कप्प्यात बसवायचा ना? कडेने हवा खेळायला जागा लागते."

"माझ्या माणसाला उजवीकडचं धड दिसत नाही. त्यांना मोठाच हवा."

"बसेल ना पण?"

"मापात सैल धरलंय मी," शिवणकाकू म्हणाली. "जन्म गेलाय माझा माप घेण्यात."

विक्रेत्याने हात जोडल्यासारखे केले. त्याला वाटलं, जागा सोडूनच माप आणलंय.

परतीच्या वाटेवर सुनेने दोनदा वळून दुकानाकडे पाहिलं. मग म्हणाली, "जिंकलात आई."

"मी कुठे खेळत होते?" शिवणकाकू म्हणाली, पण तिला आतून बरं वाटत होतं. कितीतरी दिवसांनी तिच्या मनासारखं काही झालं होतं. घरी आल्या आल्या ती आत गेली, कंडक्टरच्या कानाशी वाकली नि म्हणाली, "आणला. इथेच राहणार तुमच्यापाशी."

टीव्ही बसवायला फिटर आला त्या दिवशीही आभाळ तसंच. शिवणकाकूने सकाळीच कंडक्टरची दाढी केली, त्याला धुतलेला शर्ट घातला, पाठीशी उशा लावून बसतं केलं. मास्तर दुपारीच येऊन सिंहासनावर बसले होते. "आज नव्या गाडीची पहिली फेरी," ते म्हणाले. मुलाने सुट्टी काढली होती. त्याला खोका उघडायची अशी घाई, की चिकटपट्टी सोडवत बसण्याऐवजी त्याने खोका सरळ फाडला. आतला पांढरा फोम चुरा होऊन खोलीभर उडाला. काचेवरचा पातळ कागद त्याने एका झटक्यात ओढून काढला, आणि त्या काळ्याशार काचेत सगळ्यांची तोंडं दिसली. कंडक्टरचंही.

फिटरने टीव्ही उचलला, फडताळाशी नेला. थांबला. खाली घेतला, पुन्हा उचलला.

"बसत नाही," तो म्हणाला.

"तिरपा करून घाला," मुलगा म्हणाला.

"तिरपा घातला तर तिरपाच राहील, साहेब."

"असं कसं?" शिवणकाकू पुढे झाली. तिने चिंधी काढली, टेप टीव्हीवर धरली. बरोबर, केसभर कमी. मग ती स्टुलावर चढली आणि फडताळात टेप ताणली. आता सगळे तिच्याकडे बघत होते म्हणून असेल, या खेपेला ती पुटपुटली नाही. आकडा नुसताच समोर राहिला, उघडा.

इकडे दोन बोटं. तिकडे दोन बोटं.

कापड अंगापेक्षा मोठं लागतं, म्हणून सैल धरायचं. पण फडताळ म्हणजे अंग नव्हतं. इथे फडताळ हा सदरा होता, आणि टीव्ही हे त्याच्या आत जाणारं अंग. दोन बोटं वाढवायची नव्हती, कमी करायची होती. सगळ्या गल्लीला ठाऊक असलेला तिचा हात त्या दुपारी रोजच्यासारखाच चालला होता. दुकानातला तो दुसरा, आखूड टीव्ही इथे आरामात बसला असता.

"माझं चुकलं," ती स्टुलावरूनच म्हणाली. "मी सैल धरलं."

कुणाला लगेच काही कळलं नाही. मास्तरांना आधी कळलं. ते म्हणाले, "अरेरे, वहिनी."

मग जे व्हायचं ते सगळं झालं. फिटरने भिंत ठोकून पाहिली. एका अंगाला लोखंडी सळ्यांचा खांब, दुसऱ्या अंगाला वरच्या मजल्याचा सांडपाण्याचा पाइप. तासायचं म्हणजे एक तर इमारत दुखवायची नाहीतर मास्तरांची मोरी आपल्या पलंगावर आणायची. फडताळाच्या बाहेर, पुढे काढून ठेवावा म्हटलं तर मोरीचं दार त्यावर आपटत होतं. मुलाने दुकानात फोन लावला. तिकडून कुणीतरी नम्र आवाजात सांगितलं, खोका फाटला असेल, फोम मोडला असेल तर बदलून मिळत नाही. मुलाने फोन ठेवला आणि स्वतःच फाडलेल्या खोक्याकडे पाहिलं. त्याचं तोंड उतरलं होतं. तो मनातून खूश असता तर शिवणकाकूला चार शब्द सुनावता आले असते. सून खाली बसून फोमचे दाणे वेचत होती. एकेक. मान वर न करता.

"मग आई," मुलगा हळू म्हणाला, "बाहेर लावायचा ना? आपलं ठरलं होतं."

शिवणकाकूने पलंगाकडे पाहिलं. कंडक्टर फडताळाकडे बघत होता, मग टीव्हीकडे, मग तिच्याकडे.

"चला," तो म्हणाला.

फिटरला वाटलं, घरच्या मोठ्या माणसाने सांगितलं. त्याने टीव्ही उचलला नि पुढच्या खोलीत गेला. थोड्या वेळाने तिकडून भिंतीला भोकं पाडल्याचा आवाज यायला लागला.

पहिले काही दिवस सगळ्यांनी मनापासून केलं, हे सांगायला हवं. मुलगा संध्याकाळी बापाला काखेत हात घालून उचलायचा, सून पाय धरायची, आणि दोघं मिळून त्याला खुर्चीवर बसवून पुढच्या खोलीत आणायची. मास्तर त्याच्या शेजारी बसायचे. पण खुर्चीत कंडक्टरची मान टिकायची नाही. पाच-दहा मिनिटांत तो उजवीकडे कलायचा, लाळ शर्टावर यायची, शिवणकाकू पुसायची, आणि टीव्ही बघायच्या ऐवजी सगळे त्याच्याकडेच बघायचे.

पलंगच बाहेर आणू, असंही शिवणकाकूने म्हणून बघितलं.

"आणि तुझी गिऱ्हाइकं?" मुलगा म्हणाला. "बाया मापं द्यायला कुठे उभ्या राहणार? आम्ही कुठे झोपायचं?"

त्याचंही खरं होतं. घर चाललं होतं त्यात तिच्या मशीनचाही हात होता, आणि मशीनला खिडकीचा उजेड हवा होता.

मग एका संध्याकाळी कोपऱ्यावरची बेकरीवाली गाऊन घालून बघायला आली. दार उघडंच होतं. ती पडद्याआड जायला निघाली आणि खुर्चीतल्या कंडक्टरला पाहून थबकली. "मी नंतर येते काकू," म्हणाली. "नाही नाही, या ना," म्हणत मुलाने नि सुनेने घाईघाईने खुर्ची उचलली. घाईत कंडक्टरचं पांघरूण खाली घसरलं. खाली त्याने काही घातलेलं नव्हतं; त्याला तसंच ठेवावं लागायचं. बेकरीवालीने पटकन आरशाकडे तोंड फिरवलं. पण आरशातही तेच होतं.

एके काळी हा माणूस खच्चून भरलेल्या बसमध्ये, कुणा बाईला धक्का लागू न देता, या टोकापासून त्या टोकापर्यंत जात असे.

दुसऱ्या दिवशी मुलगा उचलायला गेला तेव्हा कंडक्टरने डाव्या हाताने कठडा धरला. रोज सकाळी चादर बदलताना धरायचा तसाच. पण या वेळी सोडला नाही. मुलाने बोटं उकलायचा प्रयत्न केला, विनवलं, रागावला. "बाबा, सोडा ना. सगळे थांबलेत." त्या एका हातात एवढा जोर कुठून आला कोण जाणे. शेवटी मुलाने नाद सोडला. त्यानंतर कुणी विचारलं नाही.

मास्तर आधी आत डोकावायचे. "काय कंडक्टर, बरं आहे?" मग बाहेर जाऊन बसायचे. पुढे पुढे ते जाता जाता दारातूनच हात करायला लागले. मग तोही राहिला. वाईट कुणीच नव्हतं. दिवाण मऊ होता, चित्र मोठं होतं, आणि त्या खोलीत वास येत नव्हता.

शिवणकाकू आत-बाहेर करत राही. आत कंडक्टर रिकाम्या फडताळाकडे बघत पडलेला असायचा. तिने तिथे घडी केलेल्या चादरी रचून ठेवल्या, निदान डोळ्यांना काहीतरी म्हणून. तो चादरींकडे बघायला लागला. बाहेरचा आवाज आत यायचा. हसण्याचा आवाज आला की तो मान वळवायचा, तिकडे, जिकडे त्याला दिसत नसे.

आणि मग ती संध्याकाळ आली.

एका मालिकेतल्या बाईचा हरवलेला भाऊ त्या दिवशी सापडणार होता. सून दुपारपासून सांगत होती, "आई, आज तरी बसा." शिवणकाकूने कंडक्टरला भरवलं, कोरडं केलं, आणि ताटवाटी आवरून ती पुढच्या खोलीत येऊन बसली. नुसतं टेकायचं म्हणून. दिवाणावरचा लोड तिच्या पाठीला लागला. सुनेने तिच्या पायांखाली उशी सरकवली. भाऊ सापडला, पण त्याची ओळखच पटेना. मास्तर म्हणाले, "माझ्या डोळ्यांसमोर आणा, मी सांगतो." सगळे हसले. शिवणकाकूही हसली, चांगली डोळ्यांत पाणी येईपर्यंत. मालिका संपली, दुसरी लागली. तिने तीही बघितली. कुठल्या कुठे गेली होती ती. उठली तेव्हा पाय आखडले होते, इतका वेळ ती कधी एका जागी बसलीच नव्हती.

आत आली तर खोलीत अंधार. तिने दिवा लावला. कंडक्टर जागा होता. चादर भिजून गार पडली होती, म्हणजे बराच वेळ झाला होता. शर्ट पाठीपर्यंत ओला. तो थंडीने बारीक बारीक कापत होता, आणि तिच्याकडे बघत होता.

"अहो, हाक का नाही मारली?"

ती ओल्या शर्टाची बटणं सोडायला लागली.

"चला म्हणायचं ना. मला ऐकू आलं असतं."

त्याने डोळे मिटले. तेव्हा तिच्या लक्षात आलं, की सकाळपासून त्याने तो शब्द उच्चारलेला नाही. कदाचित कालपासूनही नाही. आणि आपल्यालाही ते आत्ता कळतंय.

सून मागून आली होती. तिने न सांगता खालच्या चादरीचं टोक धरलं. दोघींनी मिळून त्याला वळवलं, पुसलं, कोरडं केलं. काम झाल्यावर सून हात पुसत म्हणाली, "आई, मनाला लावून घेऊ नका. तुम्हालाही जरा बाहेर बसावंसं वाटणारच की." तिने मायेनेच म्हटलं होतं. पण शिवणकाकूला ते सुईसारखं टोचलं. ती स्टुलावरची दुपार तिला पुन्हा दिसली. हातावर सवयीचं ओझं होतं, हे खरंच. पण हात ज्या बाजूला वळला, त्या बाजूला आपल्यालाही जायचं नव्हतं असं छातीवर हात ठेवून सांगता येईल का? तिने मनाला विचारलं. उत्तर येण्याची वाट बघण्याइतकी हिंमत तिच्यात नव्हती.

"तू जा," ती सुनेला म्हणाली. "तुझी मालिका राहिली असेल."

"तुम्ही?"

"मला काम आहे."

ओला शर्ट काढल्यावर तिला दिसलं होतं, की कंडक्टरचे सगळे शर्ट आता त्याला पोत्यासारखे होतात. गळपट्टीतून हाडं दिसतात. कितीतरी दिवस ते अल्टर करायचं मनात होतं. तिने पुढच्या खोलीतून सुईदोऱ्याचा डबा आणला. येताना टीव्हीकडे पाहिलं नाही. सिंहासनाचं झाकण लावलं आणि पलंगाला लागून बसली.

गळ्यातली टेप काढून तिने त्याच्या छातीभोवती घातली. आकडा पाहिला. पुन्हा पाहिला. तिने स्वतः शिवलेल्या त्याच्या पहिल्या शर्टाचं माप तिला आठवत होतं. त्यातला केवढा माणूस गेला होता. ओठ सवयीने हलले, इकडे दोन बोटं, तिकडे दोन बोटं. इथे ते बरोबर होतं. तिने खडू टेकवला.

बाहेर कुणीतरी आवाज वाढवला. मास्तर काहीतरी बोलले, हसण्याची लाट आली. कंडक्टरने डोळे उघडले. चादरी रचलेल्या फडताळाकडे पाहिलं, उंबऱ्याकडे पाहिलं, जिथे सून बसायची, पायथ्याकडे पाहिलं.

"चला," तो म्हणाला. अगदी हळू.

"थांबा," ती सवयीने म्हणाली, "माणसं च..." आणि तिथेच थांबली.

तो तिच्याकडे बघत राहिला. तिने शर्ट उलटा करून मांडीवर घेतला, कुशीची शिवण शोधली आणि ब्लेडने एकेक टाका उसवायला लागली.